दहा महिन्यांचा रॉटवायलर गुरगुरला, आता पुढे काय?

तुम्ही विचारलेला प्रश्न थोडक्यात असा: पुण्यातील सोसायटीत तुमच्या घरी दहा महिन्यांचा रॉटवायलर नर आहे. बहिणीचा चार वर्षांचा मुलगा त्याच्या जेवणाच्या भांड्याजवळ गेला, तेव्हा कुत्रा मान ताठ करून गुरगुरला. मुलाला काहीही इजा झाली नाही, परंतु सोसायटीच्या गटावर चर्चा पेटली आणि आता ‘धोकादायक जातीचे कुत्रे ठेवू नयेत’ असा ठराव येणार आहे. सरकारने या जातींवर बंदी घातली आहे का, ही जात मुळातच घातकी असते का आणि हा कुत्रा घरात ठेवावा का, असे तीन प्रश्न तुम्ही विचारले आहेत. गेली बावीस वर्षे मी पाळीव प्राण्यांचा दवाखाना चालवतो आणि त्यांतील निम्म्याहून अधिक काळ चावऱ्या कुत्र्यांच्या वर्तनावर काम करतो, तेव्हा या उत्तराला दवाखान्यातील अनुभवाचा रंग असणारच.

सर्वप्रथम त्या गुरगुरण्याविषयी लिहितो, कारण तुमच्या पत्रात ते एका वाक्यात उरकले आहे आणि माझ्या दृष्टीने संपूर्ण प्रकरणातील सर्वांत मोलाची माहिती तीच आहे. कुत्रा एकाएकी चावत नाही. आधी तो नजर वळवतो, ओठ चाटतो, डोळ्यांचा पांढरा भाग दिसेल असे तिरके पाहतो, मग त्याचे शरीर लाकडासारखे ताठ होते, त्यानंतर तो गुरगुरतो, हवेत तोंड मारतो आणि हे सारे वाया गेले तरच दात लावतो. तुमच्या कुत्र्याने ही शिडी नीट चढून, वरच्या पायऱ्यांच्या अलीकडेच थांबून, ‘मूल दूर घ्या’ असे सांगितले. त्यानंतर तुमच्या भावाने त्याला चप्पल मारली, असे तुम्ही लिहिले आहे. ते पुन्हा होऊ देऊ नका. गुरगुरण्याबद्दल मार खाल्लेला कुत्रा भांडे राखण्याचे सोडत नाही, तो फक्त आगाऊ सूचना देण्याचे सोडतो. ‘काहीही कारण नसताना, न गुरगुरता चावला’ म्हणून माझ्याकडे आणलेल्या कुत्र्यांचा पूर्वेतिहास खोदून काढला की बहुतेक वेळा अशी एखादी चप्पल सापडते.

आता सरकारी बंदीविषयी. 12 मार्च 2024 रोजी केंद्राच्या पशुसंवर्धन व दुग्धव्यवसाय विभागाने राज्यांना पत्र पाठवून 23 प्रकारच्या कुत्र्यांची आयात, पैदास आणि विक्री थांबवावी, त्यांना परवाने देऊ नयेत आणि आधीपासून पाळलेल्या कुत्र्यांचे निर्बीजीकरण करावे, असे कळवले. त्या यादीत रॉटवायलर होता. कर्नाटक उच्च न्यायालयाने एप्रिल 2024 मध्ये हे परिपत्रक रद्द ठरवले, कारण ज्यांच्यावर त्याचा परिणाम होणार होता त्या संबंधितांचे म्हणणेच ऐकून घेतले गेले नव्हते. दिल्ली उच्च न्यायालयातही केंद्राला लोकांच्या हरकती मागवण्याची भूमिका घ्यावी लागली. त्यामुळे त्या परिपत्रकाच्या आधारे ‘हा कुत्रा बेकायदा आहे’ असे कोणी तुम्हाला सांगत असेल, तर ते बरोबर नाही. मात्र शहरे आणि राज्ये आपापल्या वाटेने पुढे गेली आहेत, हेही लक्षात असू द्या. लखनऊमध्ये जुलै 2022 मध्ये 82 वर्षांच्या एका निवृत्त शिक्षिकेचा घरच्याच पिटबुलच्या हल्ल्यात मृत्यू झाला, त्यानंतर काही महिन्यांतच गाझियाबाद महापालिकेने पिटबुल, रॉटवायलर आणि डोगो आर्जेंटिनो पाळण्यावर बंदी आणली. गोव्यात हणजूण येथे ऑगस्ट 2024 मध्ये पिटबुलच्या हल्ल्यात सात वर्षांच्या मुलाचा जीव गेला आणि पुढच्या वर्षी गोवा विधानसभेने अशा जातींवर निर्बंध घालण्यासाठी विधेयक मंजूर केले. लोकांचा संताप अनाठायी होता, असे मी म्हणणार नाही. लहान मुलाच्या अशा मृत्यूपुढे अनुवंशशास्त्राची व्याख्याने देणाऱ्या प्राणिमित्रांचा मला स्वतःलाही राग येतो.

तरीही केंद्राची ती यादी एकदा डोळ्यांखालून घालावी. तिच्यात ‘तोसा इनू’ आहे आणि पुढे ‘जपानी तोसा’ही आहे, म्हणजे एकच कुत्रा दोनदा मोजला आहे. ‘टेरिअर्स’ आणि ‘मॅस्टिफ्स’ असे अख्खे गट सरसकट घातले आहेत, त्यामुळे शब्दशः अर्थ लावला तर मांडीवर बसणारा तीन किलोचा यॉर्कशायर टेरिअरसुद्धा हिंस्र ठरतो. शिवाय कांगल, अकबाश, टोर्नयाक, शारप्लानिनात्स आणि मध्य आशियाई शेफर्ड हे तुर्कस्तान, बाल्कन आणि मध्य आशियातील मेंढपाळांचे राखणदार कुत्रे तिच्यात आहेत. आपल्याकडे माणदेशात किंवा नगरच्या पठारावर धनगरांच्या वाड्याजवळ रात्री गेलेल्या कोणालाही ठाऊक असते की मेंढ्या राखणारा कुत्रा परक्याला जवळ येऊ देत नाही. तो लांडग्याशी भिडतो, म्हणून तर त्याला ठेवलेले असते. धनगराच्या कुत्र्याला कोणी हिंस्र जातीचा म्हणत नाही, कारण तो त्याच्या जागी आणि त्याच्या कामावर असतो. तोच कुत्रा दोन खोल्यांच्या सदनिकेत आणून बांधला, तर महिन्याभरात तक्रारी सुरू होतील आणि त्या खऱ्या असतील.

तुमचा दुसरा प्रश्न, म्हणजे जात मुळात घातकी असते का, हा खरा कळीचा प्रश्न आहे, आणि ‘वाईट कुत्रा नसतोच, वाईट मालक असतो’ हे चिकटवून ठेवलेले उत्तर मला पुरेसे वाटत नाही. माणसाने शेकडो पिढ्या निवड करून कुत्रे घडवले आहेत. इंग्लंडमध्ये 1835 साली बैलांवर कुत्रे सोडण्याच्या खेळावर कायद्याने बंदी आली, तेव्हा शौकिनांनी बुलडॉग आणि टेरिअर यांचा संकर करून कुत्र्यांची आपसांतली झुंज सुरू केली आणि पिटबुल त्या परंपरेतून आला. एकदा धरले की न सोडणे आणि वेदना झाली तरी माघार न घेणे, हे गुण त्यात मुद्दाम वाढवले गेले. पिटबुलच्या जबड्याला कुलूप लागते, ही भाकडकथा आहे, त्याच्या जबड्याची रचना इतर कुत्र्यांसारखीच असते. पण धरून ठेवून झटके देण्याची त्याची पद्धत मात्र भाकडकथा नाही आणि जखम त्या पद्धतीनेच मोठी होते. रॉटवायलरचा इतिहास वेगळा आहे. जर्मनीतील रॉटवाइल गावच्या खाटकांची गुरे हाकणारा आणि त्यांच्या गाड्या ओढणारा हा कुत्रा, पुढे पोलिसांच्या कामात आला. तो झुंजीसाठी घडवलेला नाही, परंतु आपल्या माणसांना आणि आपल्या वस्तूंना राखण्याची वृत्ती त्याच्यात पुरेपूर आहे आणि पूर्ण वाढलेला नर 50 किलोच्या आसपास जातो.

आकडेवारी दोन्ही बाजूंना वापरली जाते, म्हणून ती नीट वाचावी लागते. अमेरिकेत 1979 ते 1998 या वीस वर्षांत कुत्र्यांच्या हल्ल्यांत झालेल्या 238 मृत्यूंचा अभ्यास झाला, त्यांतील निम्म्याहून अधिक मृत्यूंत पिटबुल प्रकारचे कुत्रे किंवा रॉटवायलर होते. बंदीचे समर्थक येथे थांबतात. त्याच देशात 2000 ते 2009 या काळातील 256 मृत्यूंची पोलीस आणि अन्य तपासाधिकाऱ्यांच्या नोंदींवरून पुन्हा छाननी झाली, तेव्हा कुत्र्याची जात खात्रीने ठरवता आली ती फक्त 45 घटनांत. उरलेल्या ठिकाणी बातमीतली जात आणि कागदपत्रांतली जात यांचा मेळ बसत नव्हता किंवा पुरावाच नव्हता. याउलट 223 घटनांत मध्ये पडू शकेल असे धडधाकट माणूस जवळ नव्हते, 216 घटनांत कुत्र्याचे निर्बीजीकरण झालेले नव्हते आणि 195 घटनांत तो घरातला कुत्रा नसून आवारात किंवा साखळीला, माणसांच्या रोजच्या सहवासापासून तोडून ठेवलेला होता. अशी चार किंवा अधिक कारणे एकत्र आलेल्या घटना 206 होत्या. हे वाचताना मला आपल्याकडचे गच्चीवर किंवा पार्किंगमध्ये बांधलेले, दिवसातून दोनदा भाकरी टाकण्यापुरते माणूस पाहणारे ‘राखणीचे’ कुत्रे आठवतात. बंगल्याच्या फाटकावर ‘कुत्र्यापासून सावध’ ही पाटी लावून मालक निश्चिंत होतो आणि आत एक जनावर हळूहळू वेडावत असते.

अनुवंशशास्त्राच्या बाजूने 2022 मध्ये प्रसिद्ध झालेला एक मोठा अभ्यास महत्त्वाचा आहे. त्यात अठरा हजारांहून अधिक कुत्र्यांच्या मालकांकडून वर्तनाची माहिती घेतली गेली आणि दोन हजारांहून अधिक कुत्र्यांचे जनुकीय विश्लेषण झाले. एकेका कुत्र्याच्या वागण्यातल्या फरकांपैकी सुमारे 9 टक्के फरकच जातीवरून समजावून घेता आला, आणि कुत्रा किती सहज भडकतो याचा अंदाज बांधायला तर जात जवळजवळ निरुपयोगी ठरली. हा अभ्यास मालकांच्या सांगण्यावर आधारलेला आहे, ही त्याची मर्यादा. माझा अनुभव मात्र त्याच दिशेचा आहे. मी हाताळलेल्या कुत्र्यांपैकी दात लावण्यात सर्वांत तत्पर पॉमेरेनियन होते, आणि लहान मुलाच्या चेहऱ्याला झालेली सर्वांत वाईट जखम मी पाहिली ती एका आठ वर्षांच्या, साऱ्या घराच्या लाडक्या लॅब्रेडॉरने केलेली. त्याच्या कानात जुना जंतुसंसर्ग होता, नातवाने तोच कान ओढला आणि त्याआधी आठवडाभर तो कुत्रा मुलाला पाहून खोलीबाहेर जात होता, हे कोणाच्याही ध्यानात आले नव्हते.

म्हणून माझे मत असे झाले आहे की कुत्रा चावेल की नाही हे जात फारसे सांगत नाही, चावला तर काय होईल हे जातीपेक्षा त्याचे वजन, जबडा आणि धरून ठेवण्याची सवय सांगते. पॉमेरेनियनच्या चुकीला टिंक्चर आणि इंजेक्शन पुरते, रॉटवायलरच्या चुकीला शस्त्रक्रियागृह लागते. त्यामुळे मोठा कुत्रा पाळणाऱ्याकडून अधिक कडक शिस्तीची अपेक्षा करणे हा त्या जातीवरचा अन्याय नाही. ट्रक चालवणाऱ्याला दुचाकीच्या परवान्यावर आपण सोडत नाही.

केवळ जातीवर बंदी घालून काय साधते, याचा सर्वांत मोठा धडा ब्रिटनचा आहे. तेथे 1991 च्या कायद्याने पिटबुल टेरिअर, जपानी तोसा, डोगो आर्जेंटिनो आणि फिला ब्राझिलेरो या चार प्रकारांवर बंदी आली. इंग्लंडमध्ये कुत्रा चावल्यामुळे रुग्णालयात दाखल होणाऱ्यांचे प्रमाण 1998 मध्ये लाखामागे सुमारे 6 होते, ते 2018 मध्ये सुमारे 15 झाले. दरम्यान हौशी लोकांनी पिटबुलच्या वंशातूनच अधिक थोराड असा एक्सएल बुली तयार केला, त्याच्या हल्ल्यांत माणसे मेली आणि 2023 च्या अखेरीस त्यालाही यादीत घालावे लागले. तो मान्यताप्राप्त जातच नसल्याने सरकारला त्याची व्याख्या मोजमापांनी करावी लागली आणि नराची खांद्यापाशी उंची 51 सेंटिमीटरपासून पुढे, अशी टेप लावायची वेळ आली. नेदरलँड्सने 1993 मध्ये आणलेली पिटबुल-बंदी 2008 मध्ये मागे घेतली. कॅनडातील कॅलगरी शहराने जातीऐवजी परवाना, मोठे दंड आणि हल्लेखोर ठरलेल्या त्या विशिष्ट कुत्र्यावर कडक अटी, हा मार्ग धरला. आपल्याकडे पैदास करणाऱ्यांसाठी 2017 चे नियम आहेत, त्यांनुसार राज्याच्या प्राणी कल्याण मंडळाकडे नोंदणी लागते आणि आठ आठवड्यांच्या आतले पिल्लू विकता येत नाही. पाच आठवड्यांची, आईपासून तोडलेली पिल्ले सर्रास विकली जातात, हे माझ्या दवाखान्यात रोज दिसते. भावंडांशी खेळताना दाताचा जोर आवरायला पिल्लू शिकते ते नेमक्या याच दिवसांत, त्यामुळे तीन ते चौदा आठवड्यांचा हा काळ वाया गेला की पुढे प्रशिक्षकाला दामदुप्पट कष्ट पडतात. ज्यांना बंदी हवी आहे त्यांनी आधी हे नियम राबवण्याचा आग्रह धरावा, असे मला वाटते.

आता तुमच्या कुत्र्याकडे येतो. चाव्याची तीव्रता मोजायला आम्ही श्वानवर्तनतज्ज्ञ इयन डनबर यांची सहा पायऱ्यांची मोजपट्टी वापरतो. पहिल्या पायरीत दात त्वचेला लागतच नाहीत, तिसरीत एकाच चाव्यात सुळ्याच्या निम्म्याहून कमी खोलीची भोके पडतात, चौथीत दात त्याहून खोल जातात आणि झटकेही दिले जातात, सहावीत बळी जातो. पहिल्या-दुसऱ्या पायरीवरच्या कुत्र्यांना सुधारण्याची शक्यता चांगली असते. चौथ्या पायरीनंतर, विशेषतः घरात लहान मूल असेल तर, मी मालकाला खोटी आशा दाखवत नाही. तुमचा कुत्रा फार तर या मोजपट्टीच्या पहिल्या पायरीवर आहे. मात्र तो दहा महिन्यांचा आहे, म्हणजे अजून पोरसवदा आहे. रॉटवायलर मनाने प्रौढ होतो तो दोन ते तीन वर्षांचा झाल्यावर आणि राखणीची वृत्ती त्याच सुमारास पक्की होते, त्यामुळे हाताशी असलेले हे वर्ष दवडू नका.

प्रथम त्याची संपूर्ण तपासणी करून घ्या, कंबरेचे सांधे, दात आणि कान धरून, कारण दुखणे असलेला कुत्रा शिकत नाही. जेवण बंद दाराआड किंवा जाळीच्या फाटकामागे द्या आणि तो खात असताना भांड्यात हात घालून ‘सवय’ लावण्याचा प्रयत्न कोणीही करू नये, हा सल्ला देणारे लोक राखण वाढवून ठेवतात. त्याऐवजी घरातील मोठ्या माणसाने तो खात असताना दोन-तीन मीटरवरून जाता जाता उकडलेल्या चिकनचा किंवा पनीरचा तुकडा टाकावा आणि न थांबता पुढे जावे. माणूस जवळ आले की काढून घेत नाही, उलट अधिक चांगले देते, हे त्याच्या मनात रुजायला काही आठवडे लागतात आणि अंतर मग हळूहळू कमी करता येते. हे काम चार वर्षांच्या मुलाकडून कदापि करून घेऊ नये. भाचा घरी असेल तेव्हा एक मोठे माणूस केवळ त्या दोघांकडे पाहण्यासाठी मोकळे हवे, आणि पाहणे म्हणजे मोबाइल हातात घेऊन त्याच खोलीत बसणे नव्हे. तसे शक्य नसेल त्या वेळी कुत्रा दुसऱ्या खोलीत, बंद दाराआड.

जाळीदार मुसक्याची सवय आत्ताच लावा. त्यात तोंड उघडून धापा टाकता आल्या पाहिजेत आणि पाणी पिता आले पाहिजे, कापडी पट्टी पुण्याच्या उन्हात जीवघेणी ठरू शकते. आत खाऊ ठेवून रोज दोन-दोन मिनिटे, असे पंधरा दिवस केले की कुत्रा स्वतः तोंड आत घालतो. निर्बीजीकरण जरूर करा, पण या जातीत वर्ष पूर्ण होण्यापूर्वी केल्यास सांध्यांच्या विकारांचा आणि हाडांच्या कर्करोगाचा धोका वाढल्याचे आढळले आहे, म्हणून तारीख तुमच्या पशुवैद्याशी बोलून ठरवा. त्याने भटकणे आणि नरानरांतली भांडणे कमी होतील, भांडे राखणे आपोआप जाणार नाही.

दुर्दैवाने कधी दात लागलाच, आपल्या लस दिलेल्या कुत्र्याचा असला तरी, जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने पंधरा मिनिटे धुवावी. हळद, चुना, मिरचीची पूड यांपैकी काहीही लावू नये, टाके घालण्याची घाई करू नये आणि त्याच दिवशी रुग्णालय गाठावे. रक्त आले असेल तर लसीबरोबर जखमेत द्यायचे प्रतिपिंडांचे इंजेक्शनही लागते, ते डॉक्टरांना आवर्जून विचारावे.

सोसायटीच्या सभेत तुम्ही बचावाच्या पवित्र्यात जाऊ नका. भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाच्या 2015 च्या मार्गदर्शक सूचनांनुसार गृहनिर्माण संस्थेला पाळीव कुत्रे ठेवण्यावर, किंवा जात आणि आकार पाहून ठरावीक कुत्र्यांवर, बंदी घालता येत नाही. हे सांगा, पण तेवढ्यावर थांबू नका. भारतीय न्याय संहितेच्या कलम 291 प्रमाणे आपल्या जनावराबाबत हलगर्जी करणाऱ्याला सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा पाच हजार रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो, हेही तुम्हीच सांगा. महापालिकेचा परवाना आणि लसीकरणाची प्रत कार्यालयात जमा करा, लिफ्टमध्ये आणि जिन्यात तुमचा कुत्रा दीड मीटरच्या आखूड पट्ट्यावर आणि मुसके घालून असेल, त्याला नेणारे माणूस त्याला आवरू शकेल इतके ताकदीचे असेल, लहान मूल लिफ्टमध्ये असेल तर तुम्ही पुढच्या फेरीची वाट पाहाल, असे लेखी द्या. वीस किलोंवरच्या सर्वच कुत्र्यांना, मग तो लॅब्रेडॉर असो वा गल्लीतून आणलेला, हेच नियम लावावेत अशी दुरुस्ती ठरावाला सुचवा. मी पाहिलेल्या दोन सोसायट्यांत अशी दुरुस्ती मंजूर झाली, आणि एका ठिकाणी तिला सर्वाधिक विरोध केला तो लॅब्रेडॉरच्या मालकांनी.